मागच्या ब्रेक डिस्क घरी बदलायच्या? आधी हँडब्रेक कुठे आहे ते बघा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: क्रॉसओव्हर गाडी आहे, ८०,००० किलोमीटर झालेत, हँडब्रेकला दांडा नाही, बटण आहे. मागच्या उजव्या चाकातून खरखर येते. डिस्कच्या कडेला बोट अडेल एवढी धार आलीय आणि आतल्या बाजूला खोल चरे पडलेत. पुढचे पॅड तुम्ही स्वतः बदललेले आहेत, म्हणून मागच्या डिस्कही घरी बदलता येतील का, आणि फक्त उजवीकडचीच बदलली तर चालेल का?

दुसऱ्या भागाचं उत्तर आधी देतो, कारण ते सरळ आहे. एकच डिस्क बदलू नका. एका ॲक्सलवरच्या दोन्ही डिस्क एकदम, आणि त्यांच्यासोबत नवे पॅड. जुना पॅड जुन्या डिस्कच्या चऱ्यांप्रमाणे झिजलेला असतो. तो नव्या सपाट डिस्कवर बसवला तर अर्ध्याच जागी टेकतो, तिथेच तापतो आणि नवी डिस्क सुरुवातीलाच खराब करतो.

पहिल्या भागाचं उत्तर ‘हो, पण’ असं आहे. डिस्क काढणं-घालणं हा यातला सोपा भाग. खरे प्रश्न दोन. एक, तुमच्या गाडीचा पार्किंग ब्रेक नक्की कुठल्या प्रकारचा आहे. दोन, उजवीकडच्या डिस्कची आतली बाजूच का गेली. पहिल्याचं उत्तर माहीत नसताना पाना हातात घेतला तर चांगला कॅलिपर (पिस्टनने पॅड डिस्कवर दाबणारा भाग) मोडण्याची शक्यता आहे. दुसऱ्याचं शोधलं नाही तर काही महिन्यांत नवी डिस्कही याच वाटेने जाईल.

पुढच्या ब्रेकचा अनुभव इथे थोडा फसवा ठरतो. पुढच्या कॅलिपरचा पिस्टन क्लँप लावून सरळ आत ढकलला की काम झालं. मागच्या ब्रेकला चालती गाडी थांबवायची असतेच, शिवाय थांबलेली गाडी धरून ठेवायची असते. या दुसऱ्या कामासाठी गाड्यांमध्ये साधारण तीन तऱ्हा दिसतात आणि प्रत्येकीत पिस्टन मागे घेण्याची रीत वेगळी.

बटणवाल्या बहुतेक गाड्यांमध्ये मागच्या कॅलिपरच्या पाठीला प्लॅस्टिकची काळी डबी असते आणि तिला विजेचा कनेक्टर लागलेला असतो. ती मोटर. आत ती एक लांब स्क्रू फिरवते, स्क्रूवरचा नट पुढे सरकतो आणि पिस्टनला आतून रेटतो. तुम्ही बटण दाबून पार्किंग ब्रेक सोडता तेव्हा हा नट पूर्ण मागे जात नाही, पॅड सुटण्यापुरताच सरकतो. म्हणून नुसता ब्रेक सोडून क्लँपने पिस्टन दाबायला गेलात तर सगळा जोर त्या नटावर आणि मोटरच्या गिअरवर जातो. काहीतरी मोडतं, आणि मोडलेलं लगेच कळतही नाही. कळतं ते सगळं जोडून झाल्यावर, पार्किंग ब्रेकचा दिवा लुकलुकायला लागतो तेव्हा.

यासाठी गाडी ‘सर्व्हिस मोड’मध्ये घ्यावी लागते. त्यात मोटर नटाला पार मागे नेते आणि मग पिस्टन सरळ आत ढकलता येतो. मोडमध्ये जायचं कसं, हे कंपनीवर आणि मॉडेलच्या वर्षावर अवलंबून आहे. काही गाड्यांमध्ये इग्निशन, पेडल आणि बटण एका ठरावीक क्रमाने दाबून जमतं, काहींत स्क्रीनवरच्या मेनूत सोय असते, काहींना स्कॅनर लावण्यावाचून गत्यंतर नसतं. स्कॅनर लागणार असेल तर तो पार्किंग ब्रेकचं हे काम खरंच करतो का, ते आधी तपासा. नुसते इंजिनचे कोड वाचणारं स्वस्त यंत्र इथे उपयोगी नाही. आणि हे सगळं गाडी जॅकवर चढवण्याआधी करून बघा. मोडमध्ये जाता येत नसेल तर काम तिथेच थांबवता येतं, चाकं उघडी पडलेली नसतात.

मोटरला बॅटरीच्या दोन वायरी थेट लावून नट मागे घ्यायची युक्ती बरेच जण सांगतात. मी ती वापरत नाही. गाडीचा कंट्रोलर करंट मोजून मोटर वेळेवर बंद करतो, थेट वायर लावली की तो रखवालदार नसतो. वायरी उलट लागल्या तर नट मागे जायच्या ऐवजी पुढे येतो. शिवाय नट कुठे आहे याचा कंट्रोलरचा हिशेब चुकतो तो वेगळाच.

मोडमध्ये गेल्यावर दोन पथ्यं. काम संपेपर्यंत पार्किंगच्या बटणाला हात लावायचा नाही, आणि कॅलिपर सुटा असताना ब्रेक पेडल कोणी दाबायचं नाही. घरातलं कोणी सहज गाडीत बसून पाय ठेवेल असं वाटत असेल तर दरवाजे लॉक करा. बॅटरी अशक्त असेल तर चार्जर लावूनच सुरुवात करा, कारण व्होल्टेज पडलं की ही प्रक्रिया अर्ध्यात अडकू शकते. काही हायब्रिड गाड्यांमध्ये तर नुसतं दार उघडलं तरी ब्रेकचा पंप जागा होऊन दाब तयार करतो. तुमची गाडी तशी असेल तर ती यंत्रणा बंद करण्याची पद्धत मॅन्युअलमध्ये दिलेली असते, ती पाळल्याशिवाय कॅलिपर उघडू नका.

दुसरा प्रकार जुना आणि साधा. कॅलिपरच्या मागे एक छोटा लिव्हर आणि त्याला आलेली केबल. पिस्टनच्या तोंडावर अधिकचिन्हासारख्या किंवा दोन-चार खाचा दिसतात. हा पिस्टन नुसता ढकलून आत जात नाही, तो दाबत दाबत फिरवावा लागतो. त्यासाठी वेगळं टूल मिळतं आणि ते घ्याच, प्लायरच्या टोकांनी पिस्टन फिरवण्याच्या नादात त्याचं रबरी बूट फाटतं. फिरवायची दिशा बहुतेक वेळा घड्याळाच्या काट्यांप्रमाणे असते, पण काही गाड्यांत एका बाजूचा पिस्टन उलटा फिरतो. जोर लावूनही आत जात नसेल तर आणखी जोर लावण्याआधी दिशा तपासा. शेवटी पिस्टनवरची खाच आणि पॅडच्या पाठीवरची छोटी खुंटी एकमेकांत बसली पाहिजेत. न बसल्यास पॅड तिरपा उभा राहतो, तिरपा झिजतो आणि हँडब्रेकचं आपोआप होणारं ॲडजस्टमेंटही बिघडतं. एखादा पॅड तिरका झिजून आला की मी पहिल्यांदा ही खुंटीच बघतो.

तिसऱ्या प्रकारात डिस्कच्या मधल्या टोपीत छोटा ड्रम असतो आणि आत दोन बारीक ब्रेक शू. कॅलिपरचा हँडब्रेकशी संबंध नसतो, त्यामुळे पिस्टन पुढच्यासारखाच सरळ दाबला जातो. इथे अडचण वेगळी: ड्रमच्या आत झीज होऊन कड तयार होते, शू त्या कडेत अडकतात आणि डिस्क निघत नाही. अशा वेळी हातोडा मारत सुटलात तर शूच्या पिना उपटून येतात. डिस्कच्या तोंडावर किंवा मागच्या पत्र्यावर रबरी बूच असलेलं एक भोक असतं. त्यातून स्क्रू ड्रायव्हर घालून आतलं दात्यांचं चाक फिरवा, शू आत सरकतील. नवी डिस्क लावल्यावर तेच चाक उलट फिरवून शू जरा घासतील इतके बाहेर आणायचे आणि मग घासणं थांबेपर्यंत दोन-तीन दाते मागे घ्यायचे. हँडब्रेकला बटण असूनही आत हा प्रकार असू शकतो, कारण काही गाड्यांत एकच मोटर दोन्ही केबल ओढते. म्हणून बटण आहे म्हणजे पहिलाच प्रकार असं गृहीत धरू नका. चाकामागे वाकून कॅलिपरच्या पाठीला डबी आहे का ते डोळ्यांनी बघा.

आणखी एक खात्री पार्ट मागवायच्या आधी करा. काही गाड्यांमध्ये, विशेषतः काही फ्रेंच बनावटीच्या, मागची डिस्क आणि हबचं (चाक आणि डिस्क ज्यावर बसतात त्या फिरत्या भागाचं) बेअरिंग एकाच तुकड्यात असतात. नव्या डिस्कच्या फोटोत मधोमध बेअरिंग दिसलं तर ते काम निराळं. हबचा मोठा नट प्रत्येक वेळी नवा घालावा लागतो, त्याचा टॉर्क (आवळण्याचा जोर) बराच जास्त असतो आणि बेअरिंगसोबत एबीएससाठी चुंबकीय कडं असतं. त्याला चुंबक किंवा हातोडा लागला तर एबीएसचा दिवा पेटतो. पहिल्यांदाच मागचे ब्रेक उघडणाऱ्याने हे घरी करावं असं मी सांगणार नाही.

पार्ट चॅसी नंबर देऊनच मागवा. एकाच मॉडेलच्या, एकाच वर्षाच्या गाड्यांमध्ये मागच्या डिस्कचे दोन व्यास असणं अगदी नेहमीचं आहे. इंजिन बदललं, फोर व्हील ड्राइव्ह आली की डिस्क बदलते.

डिस्क खरंच बदलायला झाली आहे का, तेही मोजून ठरवा. पावसानंतर किंवा धुतल्यानंतर डिस्कवर येणारा तांबूस थर काहीच नाही, दोन-चार ब्रेकमध्ये जातो. बघायचं ते किमान जाडीकडे. ती डिस्कच्या टोपीवर किंवा कडेवर ‘मिन’ या इंग्रजी अक्षरांसोबत मिलिमीटरमध्ये कोरलेली असते. व्हर्नियर थेट लावला तर तो झिजलेल्या पृष्ठभागाऐवजी न झिजलेल्या कडेवर टेकतो आणि आकडा जास्त दाखवतो. माझा सोपा उपाय: एकसारखी दोन नाणी घ्या, डिस्कच्या दोन्ही बाजूंना कडेच्या आत धरा, नाण्यांवरून व्हर्नियर लावा आणि नाण्यांची जाडी वजा करा. मागच्या डिस्क मुळातच पातळ असतात. नवी जाडी आणि किमान जाडी यांत बऱ्याच गाड्यांत दीड-दोन मिलिमीटरचंच अंतर असतं. त्यामुळे लेथवर घासून पुन्हा वापरण्याइतका माल क्वचितच उरतो. तुमच्या डिस्कला बोट अडतंय आणि आतून चरे आहेत, म्हणजे मोजमाप ही बहुधा औपचारिकताच ठरेल. तरी डावीकडची डिस्कही मोजा. दोन्हींतला फरक पुढच्या शोधाला उपयोगी पडतो.

आता तो शोध. ब्रेक लावताना वजन पुढे झुकतं, म्हणून बहुतेक काम पुढचे ब्रेक करतात हे खरं. पण आजच्या गाड्यांत इलेक्ट्रॉनिक वाटप असतं आणि हलक्या ब्रेकला मागच्या चाकांना पूर्वीपेक्षा मोठा वाटा मिळतो. वर स्टेबिलिटी कंट्रोल मधूनच मागचं एखादं चाक धरतं. त्यामुळे मागचे पॅड पुढच्यांच्या आधी संपले तर दचकायचं कारण नाही. दचकायचं ते उजवं-डावं किंवा आतलं-बाहेरचं यांत मोठा फरक दिसला तर. आतला पॅड जास्त झिजलाय, म्हणजे एकतर पिस्टन मागे सरकत नाही, किंवा कॅलिपर त्याच्या पिनांवर सरकत नसल्याने आतल्या पॅडलाच एकट्याने राबावं लागतंय, किंवा पार्किंग ब्रेक पूर्ण सुटत नाही. पॅड पाचरीसारखा तिरका झिजला असेल तर बहुधा दोनपैकी एक पिन अडकलेली असते. काढलेले पॅड फेकू नका. चारही पॅड ज्या जागी होते त्या क्रमाने जमिनीवर मांडून ठेवा, तुमचं निम्मं निदान तिथेच होतं.

कामाच्या जागेबद्दल थोडक्यात. जमीन सपाट आणि टणक हवी. जॅक उचलण्यापुरता, गाडी उभी राहणार स्टँडवर. स्टेपनीसोबत येणारा जॅक चाक बदलण्यासाठी आहे, त्याच्या भरवशावर गाडीखाली किंवा चाकाच्या कमानीत डोकं घालू नका. पार्किंग ब्रेक सोडलेला असणार, म्हणून पुढच्या चाकांना पुढून आणि मागून ठोकळे लावा. ऑटोमॅटिक ‘पी’मध्ये, मॅन्युअल पहिल्या गिअरमध्ये. पण इंजिनची ताकद फक्त मागच्या चाकांना जाणारी गाडी असेल तर गिअर मागची चाकं अडवतो, आणि तीच तर तुम्ही उचलणार आहात. तिथे सगळी मदार ठोकळ्यांवर. चाकांचे नट गाडी जमिनीवर असतानाच सैल करा. एका वेळी एकच बाजू उघडा, दुसरी जोडलेली बाजू नमुना म्हणून कामाला येते. ब्रेकची धूळ हवा मारून उडवायची नाही, मास्क लावून ब्रेक क्लीनरने ओली करून पुसायची.

ब्रेक ऑइलच्या टाकीचं झाकण उघडून पातळी बघा. पिस्टन आत जाताना तेवढं ऑइल टाकीत परत येतं, काठोकाठ भरली असेल तर उतू जातं, आणि ब्रेक ऑइल रंग खातं. जास्तीचं सिरिंजने काढून ठेवा. ऑइल बदलून दोन वर्षं झाली असतील तर ते कामही लगेच उरकून घेतलेलं बरं, कारण ते हवेतलं पाणी शोषतं आणि त्याचा उत्कलनबिंदू घसरतो. डॉट ४ ऑइल ताजं असताना किमान २३० अंशांना उकळायला हवं, पाणी शोषलेल्या अवस्थेसाठी हाच निकष १५५ अंशांवर येतो. मात्र नुसती डिस्क बदलताना पाइप उघडत नाही, त्यामुळे हवा काढायची गरज पडत नाही.

इग्निशन बंद करून मोटरचा कनेक्टर काढा. कॅलिपरच्या पिनांचे दोन बोल्ट सोडवताना पिन सोबत फिरते, ती दुसऱ्या पातळ पान्याने धरावी लागते. सुटलेला कॅलिपर ब्रेक ऑइलच्या रबरी होजवर लोंबकळत ठेवू नका, स्प्रिंगला तारेने किंवा हुकने टांगा. त्यानंतर ब्रॅकेटचे, म्हणजे कॅलिपर आणि पॅड ज्यात बसतात त्या चौकटीचे, दोन मोठे बोल्ट. हे घट्ट असतात, बरेचदा त्यांना कारखान्यातूनच लॉकिंगचा डिंक लावलेला असतो. सहा कोनांची सॉकेट आणि लांब दांडा घ्या. बारा कोनांच्या सॉकेटने बोल्टचं डोकं गोल झालं की कामाचा सगळा दिवस त्या एका बोल्टवर जातो.

डिस्क हबला एक-दोन छोट्या स्क्रूंनी धरलेली असते, आणि घरी काम करणाऱ्याचा वेळ सगळ्यात जास्त खातो तो हाच स्क्रू. साध्या स्क्रू ड्रायव्हरने पीळ देऊ नका, खाच जाते. योग्य मापाचं बिट खाचेत बसवा, त्यावर हातोडीचे दोन-तीन खणखणीत फटके द्या आणि मग ठोकल्यावर फिरणारा इम्पॅक्ट ड्रायव्हर वापरा. तरीही डोकं गेलंच तर ते ड्रिलने उडवा. चालत्या गाडीत डिस्क चाकाच्या नटांमुळे आवळलेली राहते, हा स्क्रू जोडणीच्या वेळी डिस्क जागेवर धरण्यापुरता असतो.

स्क्रू निघूनही डिस्क गंजाने हबला चिकटलेली असू शकते. टोपीवर दोन आटे पाडलेली भोकं आहेत का बघा. त्यांत योग्य मापाचे बोल्ट आळीपाळीने थोडे थोडे आवळले की डिस्क स्वतःच पुढे येते. भोकं नसतील तर मध्याभोवती गंज सोडवणारं तेल मारा, थोडा वेळ जाऊ द्या आणि चाकाच्या बोल्टांच्या मधल्या जागी, टोपीवर, डिस्क फिरवत फिरवत ठोका. अगदीच हटून बसली तर ब्रॅकेटच्या भोकातून लांब बोल्ट घालून, मागे नट देऊन, डिस्कला पाठीमागून रेटता येतं. हातोड्याच्या दणक्यांपेक्षा बेअरिंगला हे सोसतं. गाडीला चाकाचे नट असतील तर एक नट दोन-तीन आट्यांवर सैल ठेवून द्या. डिस्क सुटते तेव्हा एकदम सुटते, आणि खाली तुमचा पाय असतो.

यापुढचा भाग बहुतेक जण दोन मिनिटांत उरकतात. माझ्या मते संपूर्ण कामात सगळ्यात जास्त वेळ इथेच द्यायला हवा: हबचा चेहरा साफ करणं. टेबलाच्या एका पायाखाली खडा आला की टेबल डुगडुगतं, तसा हबवर गंजाचा एक पापुद्रा राहिला की डिस्क तिरकी बसते. डिस्क हबला टेकते ती साधारण सात सेंटिमीटरच्या त्रिज्येवर, पॅड घासतात ते त्याच्या जवळपास दुप्पट अंतरावर. म्हणजे हबवरचा ०.०५ मिलिमीटरचा कण काठाशी ०.१ च्या आसपास डोलतो. पुष्कळ कंपन्या काठाचं हे डोलणं ०.०५ ते ०.१ मिलिमीटरच्या आत मागतात, म्हणजे तुमची सगळी सवलत एका कणाने खाल्ली.

गंमत अशी की हा दोष पहिल्या दिवशी जाणवत नाही. ब्रेक लावलेला नसतानाही डिस्कची एकच जागा दर फेरीला पॅडला चाटून जाते. हजारो किलोमीटर हे चाललं की त्या जागी डिस्क किंचित पातळ होते, किंवा तिथे पॅडचा माल चिकटून किंचित जाड होते. जाडीत ०.०१ ते ०.०२ मिलिमीटरचा फरक पडला की पेडल पायाखाली धडधडायला लागतं. मग लोक म्हणतात डिस्क वाकली, कंपनीचा माल खराब. खरोखर वाकलेली डिस्क मला क्वचितच दिसते. खाली न पुसलेला गंज मात्र नेहमी सापडतो.

म्हणून तारेचा ब्रश, मग पॉलिश पेपर, आणि प्रत्येक चाकबोल्टच्या मुळाशी जो गंजाचा गोल साचतो तो वेगळा खरवडून काढा, ब्रश तिथे पोचत नाही. सरळ पट्टी लावून उंचवटा राहिला नाही ना ते बघा. मधल्या गोल खांद्याला अँटी-सीझचा (भाग गंजून चिकटू न देणाऱ्या लेपाचा) पुसट हात फिरवायला हरकत नाही, पण सपाट चेहऱ्यावर ग्रीसचा थर नको, तोही एक पापुद्राच. डायल गेज असेल तर डिस्क सगळ्या नटांनी वॉशर घालून आवळा आणि काठापासून साधारण दहा मिलिमीटर आत डोलणं मोजा. जास्त आलं तर डिस्क एक भोक पुढे फिरवून पुन्हा लावा. बरेचदा तेवढ्यावर आकडा मर्यादेत येतो.

नव्या डिस्कला गंज लागू नये म्हणून तेलाचा हात दिलेला असतो. तो ब्रेक क्लीनरने काढा. क्लीनर नसेल तर गरम पाणी आणि साबण, मग लगेच कोरडं पुसा. त्यानंतर पृष्ठभागाला तेलकट बोट लावू नका. मागचा संरक्षक पत्रा ठोकाठोकीत वाकला असेल तर आत्ताच सरळ करा.

मग ब्रॅकेट, आणि तुमच्या उजव्या चाकाचं उत्तर बहुधा इथे किंवा पिनांत सापडेल. पॅडचे कान ज्या स्टीलच्या पट्ट्यांवर सरकतात त्या उपसून काढा. त्यांच्याखाली गंज फुगतो, पट्टी वर उचलली जाते आणि पॅड चिमटीत सापडल्यासारखा अडकतो. ब्रेक सोडला तरी तो डिस्कपासून दूर जात नाही. खालचा गंज कानशीने आणि ब्रशने साफ करून नव्या पट्ट्या घाला. पॅड हाताने, न ठोकता सरकला पाहिजे. पॅड घट्ट लागतोय म्हणून त्याचेच कान घासणारे पाहिलेत, पण दोष खालच्या गंजाचा असताना पॅड का कापायचा?

दोन्ही पिना बाहेर काढा, जुनं वाळलेलं ग्रीस भोकासकट पुसा आणि सिलिकोनचं किंवा ब्रेकसाठीच बनवलेलं ग्रीस पातळ लावा. बेअरिंगसाठीचं साधं ग्रीस नको, ते रबर फुगवतं आणि पिन पुन्हा जाम होते. भोक ग्रीसने ठासूनही भरू नका, पिन आत ढकलली की ती बाहेर उसळते. एका पिनेला रबराची नळी असेल तर ती मूळच्याच जागी जायला हवी, वरची-खालची अदलाबदल करू नका.

पिस्टनचं रबरी बूट नीट बघा. फाटलं असेल, किंवा आत ओल आणि गंज दिसत असेल, तर डिस्कचं काम तिथेच थांबवून आधी कॅलिपरचा निकाल लावा. बूट चांगलं असेल तर पिस्टन हळूहळू आत घ्या, तुमच्या प्रकाराला लागू असलेल्या पद्धतीने. फार अडला आणि पिनाही मोकळ्या निघाल्या असतील तर आतली बाजू का गेली ते कळलं.

जोडणी उलट क्रमाने. टॉर्कचे आकडे तुमच्याच मॉडेलच्या मॅन्युअलमधून घ्या. अंदाज यावा म्हणून सांगतो, ब्रॅकेटचे बोल्ट पुष्कळदा १०० न्यूटन-मीटरच्या आसपास असतात, पिनांचे बोल्ट २५ ते ३५, चाकाचे नट १०० ते १४०. काही कंपन्या ब्रॅकेटचे बोल्ट एकदाच वापरायचे असं सांगतात किंवा टॉर्कनंतर ठरावीक अंश आणखी फिरवायला लावतात. तिथे कंजूषपणा नको, नवे बोल्ट घ्या. झिजल्यावर किंचाळणारी पत्र्याची जीभ एकाच पॅडला असेल तर ती कुठल्या बाजूला होती ते जुने मांडलेले पॅड सांगतील.

मग इंजिन चालू करायच्या आधी ब्रेक पेडल हळूहळू, अर्ध्यापर्यंत, पुन्हा पुन्हा दाबा. पहिल्या काही वेळा पाय थेट खाली जाईल, कारण पिस्टन अजून मागे आहेत. पेडल कडक झाल्याशिवाय गाडी एक फूटही हलवायची नाही. हे विसरून गाडी मागे घेतली की पहिला ब्रेक लागतच नाही. पेडल कडक झालं की टाकीची पातळी बघा, कनेक्टर लावलाय ना ते बघा, सर्व्हिस मोडमधून बाहेर या आणि पार्किंग ब्रेक दोन-चार वेळा लावून सोडा. मॅन्युअलमध्ये वेगळा क्रम दिला असेल तर तोच पाळा. पार्किंग ब्रेकचा दिवा तरीही लुकलुकत असेल तर गाडी रस्त्यावर काढू नका.

नवे पॅड आणि डिस्क एकमेकांना बसायला वेळ लागतो. पॅडच्या खोक्यावर सूचना असेल तर ती प्रमाण. नसेल तर मोकळ्या रस्त्यावर साधारण ६० च्या वेगावरून १५-२० पर्यंत मध्यम जोराने ब्रेक, मग अर्धा-एक मिनिट नुसतं चालवून गार होऊ द्यायचं, असं आठ-दहा वेळा. पूर्ण थांबून पेडल दाबून धरू नका, आणि परत आल्या आल्या पार्किंग ब्रेकही नको. तापलेला पॅड एकाच जागी दाबून राहिला तर तिथे त्याचा ठसा उमटतो. मागचे ब्रेक कमी तापतात, म्हणून त्यांना बसायला पुढच्यांपेक्षा जास्त अंतर लागतं. पहिले दोन-तीनशे किलोमीटर करकचून ब्रेक टाळा. या काळात हलकी सरसर ऐकू येते, ती चालेल. चाकाच्या फेरीबरोबर ताल धरून येणारी खरखर मात्र बहुधा वाकलेल्या पत्र्याची असते.

पन्नास-शंभर किलोमीटरनंतर चाकांचे नट पुन्हा टॉर्क रेंचने तपासा. त्याच वेळी एक चाचणी करा. पाच-सात किलोमीटर शक्य तितका कमी ब्रेक वापरत गाडी चालवा, हळूहळू थांबा आणि इन्फ्रारेड थर्मामीटरने मागच्या दोन्ही डिस्कचं तापमान बघा. थर्मामीटर नसेल तर हात रिमजवळ न्या, डिस्कला लावू नका. दोन्ही बाजू जवळपास सारख्या असतील तर उजवीकडे जे अडकत होतं ते सुटलं. उजवी अजूनही डावीपेक्षा स्पष्ट गरम लागत असेल तर कॅलिपर उघडून पिस्टन आणि पार्किंगची यंत्रणा तपासा. केबलवाला प्रकार असेल तर ब्रेक सोडल्यावर लिव्हर त्याच्या थांब्यापर्यंत परत येतो का तेही बघा. ही तपासणी दोन-चार दिवसांत करा, तोवर नव्या डिस्कचं फारसं बिघडलेलं नसतं.